घटस्फोटाचं कारण कोर्टात सिद्ध कसं होतं?

मागच्या भागात आपण परस्पर संमतीच्या घटस्फोटाबद्दल, म्हणजे हिंदू विवाह कायद्याच्या कलम १३-ब बद्दल बोललो. तिथे दोघंही तयार असतात, त्यामुळे कुणी कुणाविरुद्ध काही सिद्ध करायचा प्रश्न नसतो. आजचा विषय त्याच्या उलटा आहे. एकाला वेगळं व्हायचंय आणि दुसरा नाही म्हणतोय. किंवा व्हायचंय दोघांनाही, पण पैशावरून नाहीतर मुलांच्या ताब्यावरून अडलंय. अशा वेळी कलम १३ खाली अर्ज करावा लागतो, आणि त्या कलमात दिलेल्या कारणांपैकी निदान एक कारण कोर्टापुढे सिद्ध करावं लागतं.

मी इंदूरला वकिली करते. माझ्याकडे येणाऱ्या माणसांचं पहिलं वाक्य बहुतेक वेळा एकच असतं, "मॅडम, खूप सहन केलं." मी विचारते, काय काय झालं? उत्तर येतं, "काय सांगू, रोजचंच आहे." आता हे "रोजचंच" खरं असतं, यात मला शंका नसते. पण न्यायाधीश तुमच्या घरात राहत नाहीत. त्यांच्यापुढे कागद असतात आणि साक्षीदाराच्या पिंजऱ्यात उभा राहिलेला एक माणूस असतो. त्या दोन गोष्टींतून त्यांना तुमचं दहा वर्षांचं घर दिसायला हवं. ते दिसेल अशी तयारी कशी करायची, एवढंच आज बोलायचंय.

सुरुवात अर्जापासून. कायद्याचं कलम २० म्हणतं की ज्या घटनांवर तुमची मागणी उभी आहे, त्या शक्य तितक्या स्पष्टपणे अर्जात मांडल्या पाहिजेत. "प्रतिवादी सतत त्रास देत असे, अर्वाच्य बोलत असे, सासरच्यांनी छळ केला" ही वाक्यं मी शेकडो अर्जांमध्ये वाचली आहेत. त्यांतून काहीच सिद्ध होत नाही, कारण त्यांत घटनाच नाही. कधी, कुठे, काय झालं, कोण हजर होतं, आणि त्यानंतर तुम्ही काय केलंत, या पाच प्रश्नांची उत्तरं असलेल्या चार घटना "सतत त्रास"च्या चाळीस पानांपेक्षा जड असतात. नेमकी तारीख आठवत नसेल तर "धाकट्याच्या बारशानंतरच्या आठवड्यात" हेही चालतं. माणसाला तारखा अशाच आठवतात. उलट प्रत्येक भांडणाची तारीख आणि वेळ पाठ असलेला साक्षीदार जरा संशयास्पदच वाटतो. आणि एक लक्षात ठेवा, जे अर्जात लिहिलंच नाही, ते साक्षीत अचानक सांगितलं की समोरचा वकील लगेच हरकत घेतो.

आता मुख्य प्रश्न. किती सिद्ध करायचं? खुनाच्या खटल्यासारखं, शंकेला जागाच न ठेवता?

एके काळी उत्तर "हो" असं होतं. १९५६ साली सर्वोच्च न्यायालयाने परित्यागाच्या एका दाव्यात निकाल दिला, बिपिनचंद्र शाह विरुद्ध प्रभावती. हा दावा हिंदू विवाह कायद्याच्याही आधीच्या, १९४७ च्या मुंबई प्रांताच्या घटस्फोट कायद्याखालचा. पत्नी मे १९४७ मध्ये मुंबईचं सासर सोडून जळगावला माहेरी गेली. जाण्यापूर्वी तिचं एका परक्या पुरुषाला लिहिलेलं पत्र नवऱ्याच्या हाती लागलं होतं. नवऱ्याचं म्हणणं, ती मला सोडून गेली. पण कागद काय सांगत होते? तिने परत येण्याचे प्रयत्न केले होते, आणि ती येतेय असं कळल्यावर नवऱ्यानेच सासऱ्यांना तार केली होती, मुलीला पाठवू नका. कोर्टाने सांगितलं, परित्याग म्हणजे नुसतं वेगळं राहणं नव्हे. संसार कायमचा मोडण्याचा इरादाही लागतो, आणि तो कायद्यात सांगितलेल्या पूर्ण मुदतीत टिकलेला लागतो. नवरा हरला. त्याच्या विरुद्धचा एक मोठा पुरावा त्याने स्वतःच तार ऑफिसात पैसे भरून तयार केला होता!

आज तारेच्या जागी व्हॉट्सअ‍ॅप आहे. रागाच्या भरात "परत पाऊल ठेवू नकोस" असं लिहायचं आणि दोन वर्षांनी "ती मला सोडून गेली" असा दावा करायचा, हे मी दर महिन्याला पाहते. परित्यागासाठी आजच्या कायद्यात अर्ज दाखल करण्याच्या लगेच आधीची सलग दोन वर्षं लागतात. ती दोन वर्षं पूर्ण भरली म्हणजे घटस्फोट आपोआप मिळतो, हा समज मनातून काढून टाका. का वेगळे राहिलात, बोलावणं कुणी केलं, कुणी नाकारलं, हे सगळं विचारलं जातं. आणि पत्नी मारहाणीमुळे घर सोडून गेली असेल, तर घर तिने सोडलं असलं तरी परित्याग तिचा धरला जात नाही.

तर १९५६ च्या त्या निकालात पुराव्याची पातळी फौजदारी खटल्याइतकी कडक धरली होती. ती खाली आणली पुण्याच्या एका दाव्याने. दास्ताने विरुद्ध दास्ताने, निकाल मार्च १९७५ चा. या दाव्यातलं लग्न १९५६ साली पुण्यात झालेलं, आणि १९६२ साली नवऱ्याने पुण्याच्या कोर्टात अर्ज केला. त्या काळी क्रूरतेवरून घटस्फोट मिळत नसे, फक्त न्यायिक फारकत, म्हणजे विवाह कायम ठेवून वेगळं राहण्याची मुभा मिळे. क्रूरता आणि परित्याग ही घटस्फोटाची कारणं झाली ती १९७६ च्या दुरुस्तीने. सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की असा दावा दिवाणी स्वरूपाचा आहे, त्यात शंकेला जागाच नको असा आग्रह धरायचा नाही. दोन्ही बाजूंचा पुरावा तोलून बघायचा आणि घटना घडली असण्याची शक्यता जास्त वाटते की न घडल्याची, ते ठरवायचं. वकिली भाषेत याला शक्यतांचं पारडं म्हणतात. आजही देशभर, इंदूर असो की बडोदा, हैदराबाद की बेळगाव, याच मापाने मोजतात.

याचा व्यवहारातला अर्थ फार मोलाचा आहे. मारहाण बंद दाराआड होते. साक्षीदार कुठून आणायचा? पारडं झुकवायला बहीण चालते, शेजारीण चालते, कामवाली बाई चालते. घरातल्या गोष्टी नातेवाइकांनाच माहीत असणार, त्यामुळे केवळ नातेवाईक म्हणून साक्ष फेकून देत नाहीत. दुसरा साक्षीदार नसेल आणि तुमची एकटीची साक्ष उलटतपासणीत टिकली, तर तीही पुरते. त्या रात्री बहिणीला केलेला फोन, दुसऱ्या दिवशीचा दवाखान्याचा कागद, पोलीस ठाण्यात दिलेला अर्ज, हे एकेकटे छोटे वाटतात. एकत्र ठेवले की वजन भरतं.

दास्ताने प्रकरणाचा शेवट मात्र अनेकांना माहीत नसतो. कोर्टाने मान्य केलं की पत्नीची वागणूक क्रूरतेत मोडते. तोडलेलं मंगळसूत्र, नवरा कामावरून यायच्या वेळी घराला लावलेलं कुलूप, रात्री दिवा लावून उशाशी बसून केलेली बोलणी, असं बरंच काही निकालपत्रात आहे. तरीही नवरा हरला. का? कारण हे सगळं घडत असताना आणि घडल्यावरही दोघं फेब्रुवारी १९६१ पर्यंत पतीपत्नी म्हणून नांदत होते. वेगळे झाले तेव्हा पत्नी गरोदर होती, आणि त्याच वर्षी ऑगस्टमध्ये तिसरं मूल झालं. कोर्ट म्हणालं, तुम्ही ही क्रूरता माफ केली होती.

हा मुद्दा येतो कलम २३ मधून, आणि माझ्या मते सामान्य माणसाने या कायद्यातलं एकच कलम वाचायचं असेल तर हेच वाचावं. ते न्यायाधीशांवर बंधन घालतं. कारण सिद्ध झालंच पाहिजे, पण त्याखेरीज अर्जदार स्वतःच्याच चुकीचा फायदा घेत नाही ना, क्रूरता किंवा व्यभिचार त्याने माफ केलेला नाही ना, दोघांनी संगनमताने खोटा दावा उभा केला नाही ना, विनाकारण उशीर झाला नाही ना, याचीही खातरजमा व्हायला हवी. समोरचा माणूस कोर्टात आलाच नाही, तरीसुद्धा. म्हणून "तो येणारच नाही, एकतर्फी निकाल मिळेल" असं कुणी छातीठोकपणे सांगितलं तर सावध व्हा. एकतर्फी दाव्यातही प्रतिज्ञापत्र, कागद आणि साक्ष लागतेच, आणि अर्धवट पुराव्यावर मिळालेला हुकूम अपिलात टिकवणं कठीण जातं.

माफीचा हा मुद्दा बायकांना जास्त नडतो. मारहाण झाली, माहेरी आली, मोठ्या माणसांची बैठक बसली, "एकदा संधी दे" म्हणाले, पुन्हा नांदायला गेली. आपल्याकडे हे घराघरात होतं. मग कोर्टात विचारतात, एवढा छळ होता तर परत कशाला गेलात? याचं खरं उत्तर साक्षीत द्यायला लाजू नका. मुलाची शाळा होती, वडिलांची परिस्थिती नव्हती, नवऱ्याने चारचौघांत कबूल केलं होतं. कायदाही माफी बिनशर्त मानत नाही. पुन्हा तसं होणार नाही या अटीवर ती असते, आणि पुन्हा झालं तर जुन्या घटनाही जिवंत होतात. त्यामुळे बैठकीत जे ठरलं ते कागदावर घ्या, चार सह्या घ्या. सह्या द्यायला कुणी तयार नसेल तर त्याच संध्याकाळी "आज असं असं ठरलं" एवढा मेसेज सगळ्यांना पाठवून ठेवा. आणि परत आल्यानंतर पुढे काय घडलं, ते अर्जात वेगळं लिहा.

आता क्रूरतेकडे, कारण बहुतेक दावे याच कारणावर चालतात. क्रूरतेची व्याख्या कायद्यात नाही, आणि ते बरंच आहे. २००७ च्या समर घोष प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने मानसिक क्रूरतेची उदाहरणं दिली, पण यादी पूर्ण नाही असंही बजावलं. संसारातल्या नेहमीच्या कुरबुरी क्रूरतेत येत नाहीत, एखाददुसरा प्रसंग पुरत नाही, सगळा संसार एकत्र पाहायचा, असं त्याचं सार. भाजीत मीठ जास्त आणि सासूशी पटत नाही, यावर घटस्फोट मिळत नाही. जीव धोक्यात येईल इतकी क्रूरता हवी, अशीही अट नाही.

आणि क्रूरता दाव्यातही घडू शकते! २००३ च्या भाटे प्रकरणात पत्नीने घटस्फोट मागितला होता. नवऱ्याने लेखी जबाबात तिच्या चारित्र्यावर गलिच्छ आरोप केले. पुढे दुरुस्ती करून ते मागेही घेतले. सर्वोच्च न्यायालय म्हणालं, असे आरोप हीच क्रूरता, आणि नंतर खोडल्याने झालेली जखम पुसली जात नाही. माझ्याकडे जबाब लिहायला आलेला माणूस "तिच्याबद्दल असंही टाका ना" म्हणतो, तेव्हा मी हा निकाल पुढे ठेवते. पुरावा नसताना केलेला चारित्र्याचा आरोप समोरच्याचा दावा पक्का करतो. खोटी फौजदारी तक्रार हीसुद्धा क्रूरता ठरलेली आहे. पण शंकेचा फायदा मिळून सुटका झाली, एवढ्यावरून तक्रार खोटी होती असं ठरत नाही. तक्रार खोटी होती हे वेगळं दाखवावं लागतं.

मोबाइलमधल्या पुराव्याबद्दल नेहमीच विचारलं जातं. १ जुलै २०२४ पासून जुन्या पुरावा कायद्याची जागा भारतीय साक्ष्य अधिनियमाने घेतली. स्क्रीनशॉट, रेकॉर्डिंग, ईमेल दाखल करायचे तर कलम ६३ खालचं प्रमाणपत्र लागतं. जुन्या कायद्यातही ते होतंच, कलम ६५-ब खाली, आणि ते बंधनकारक आहे असं सर्वोच्च न्यायालयाने २०२० मध्ये ठरवलं. गंमत म्हणजे तो दावा लग्नाचा नव्हता, जालना विधानसभेच्या निवडणुकीचा होता. आता प्रमाणपत्राचे दोन भाग असतात. एक तुम्ही भरायचा, दुसरा तज्ज्ञाने, आणि त्यात फाइलची हॅश व्हॅल्यू, म्हणजे तिचा एक प्रकारचा अंगठ्याचा ठसा, लिहायची. कौटुंबिक न्यायालय कायद्याच्या कलम १४ मुळे तिथल्या न्यायाधीशांना उपयोगी वाटेल तो कागद पाहण्याची मुभा आहे. पण जिथे कौटुंबिक न्यायालय नाही, तिथे अर्ज जिल्हा न्यायालयापुढे चालतो आणि ही सवलत मिळत नाही. म्हणून प्रमाणपत्र घ्याच. जुना फोन विकू नका, चॅट पुसू नका. आणि सोयीचे तेवढेच चार मेसेज कापून लावू नका, कारण उरलेले समोरच्याच्या फोनमध्ये असतातच.

चोरून केलेलं रेकॉर्डिंग चालतं का? १४ जुलै २०२५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने याचं उत्तर दिलं. पतीपत्नीमधलं बोलणं एरवी गोपनीय असलं, तरी त्या दोघांमधल्याच दाव्यात ते पुरावा म्हणून येऊ शकतं. चोरून केलं एवढ्या कारणाने ते बाद होत नाही. पण याचा अर्थ जोडीदाराच्या फोनमध्ये हेरगिरीचं अ‍ॅप टाकायला परवानगी मिळाली असा नाही. पुरावा ग्राह्य असणं वेगळं, आणि तो मिळवताना गुन्हा झाला का हा प्रश्न वेगळा. मी तर तसं करू नका असंच सांगते.

महाराष्ट्राबाहेर राहणाऱ्यांसाठी एक खास गोष्ट. आपली भांडणं मराठीत होतात आणि दावा हिंदीत, गुजरातीत, कन्नडमध्ये किंवा तेलुगूत चालतो. सुनेला "पांढऱ्या पायाची" म्हणणं म्हणजे काय, हे आपल्याला सांगावं लागत नाही. त्याचं शब्दशः भाषांतर झालं की उरतो फक्त पायाचा रंग! म्हणून मूळ मराठी मजकूर जसाच्या तसा ठेवा, शेजारी भाषांतर द्या, आणि त्या शब्दाचा घरातला अर्थ साक्षीत सांगा. भाषांतर मराठी नीट येणाऱ्या माणसाकडून करून घ्या आणि ते बरोबर असल्याचं त्याचं प्रतिज्ञापत्र जोडा. दावा कुठे करायचा याचीही थोडी निवड असते. लग्न जिथे झालं, प्रतिवादी जिथे राहतो, किंवा शेवटचे दोघं एकत्र जिथे राहिलात तिथे. शिवाय २००३ पासून पत्नी स्वतः राहते तिथेही अर्ज करू शकते. साक्षीदार कुठे आहेत आणि कोर्टाला कोणती भाषा कळते, हे पाहूनच ठरवा.

व्यभिचार २०१८ पासून गुन्हा नाही, पण घटस्फोटाचं कारण आहेच. डोळ्यांनी पाहिलेला पुरावा क्वचितच असतो, त्यामुळे हॉटेलच्या नोंदी, एकत्र प्रवास, मेसेज अशा परिस्थितीजन्य गोष्टींवर दावा चालतो. ज्याच्याशी संबंध असल्याचा आरोप आहे त्यालाही दाव्यात सामील करा, असं अनेक उच्च न्यायालयांचे नियम सांगतात. आणि डीएनए चाचणी मागितली की मिळते, असं नाही. पुण्याहून गेलेल्या एका प्रकरणात २०२३ साली सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की आईवडिलांच्या भांडणात मुलाला प्यादं करायचं नाही. मला हा निकाल मनापासून पटतो.

मानसिक आजाराच्या कारणात आजाराचं नाव लिहिलेली चिठ्ठी पुरत नाही. आजार इतका आहे का की सोबत राहण्याची अपेक्षाच करता येऊ नये, हे डॉक्टरांच्या साक्षीतून यावं लागतं. कोर्ट वैद्यकीय तपासणीचा आदेश देऊ शकतं, आणि ती नाकारली तर विरुद्ध निष्कर्ष काढू शकतं. कुष्ठरोग हे कारण २०१९ मध्ये कायद्यातून काढून टाकलंय. जुनी पुस्तकं वाचून कुणी ते सांगत असेल तर लक्ष देऊ नका.

"आमचं लग्न केव्हाच संपलंय, हे पुरेसं नाही का?" नाही. विवाह मोडकळीला आला हे कलम १३ मधलं कारणच नाही. त्या आधारावर विवाह रद्द करण्याचा अधिकार घटनेच्या कलम १४२ खाली फक्त सर्वोच्च न्यायालयाला आहे, असं २०२३ मध्ये घटनापीठाने स्पष्ट केलं. तसंच स्टॅम्प पेपरवर नोटरीपुढे केलेली सोडचिठ्ठी. काही समाजांत काडीमोडाची रूढी आहे आणि कलम २९ ती राखून ठेवतं. पण तशी रूढी आहे हे सिद्ध करण्याची जबाबदारी सांगणाऱ्यावर असते. त्या कागदावर भरवसा ठेवून दुसरं लग्न करू नका.

शेवटी उलटतपासणी. लोक तिला घाबरतात. "१२ मार्चला मारहाण झाली म्हणता, मग १४ मार्चच्या या फोटोत तुम्ही हसताय ते कसं?" अशा प्रश्नावर गडबडून "तो फोटो माझा नाही" म्हटलं की संपलं. "मुलाचा वाढदिवस होता, घरात पाहुणे होते" हे खरं असेल तर तेवढंच म्हणा. आठवत नसेल तर आठवत नाही म्हणा. स्वतःची एखादी चूक असेल, तुम्हीही शिवी दिली असेल, तर ती कबूल करा. सगळा दोष समोरच्याचाच, असं सांगणाऱ्या साक्षीदारापेक्षा अशा साक्षीदारावर न्यायाधीशांचा विश्वास लवकर बसतो.

वकिलाकडे पहिल्यांदा जाताना एका वहीत लग्नापासूनच्या घटना क्रमाने लिहून न्या. प्रत्येकीसमोर कोण हजर होतं आणि कोणता कागद आहे ते लिहा. काही नसेल तर तो रकाना मोकळा सोडा, वकिलाला तो मोकळा दिसायलाच हवा. लग्नाचा दाखला किंवा पत्रिका आणि फोटो, मुलांचे जन्मदाखले, दोघांच्या उत्पन्नाचे कागद सोबत ठेवा. उत्पन्नाचे कागद पहिल्याच तारखांना लागतील, कारण दावा चालू असताना मिळणारी पोटगी तेव्हाच मागता येते. ती कलम २४ खाली पत्नीला मिळते तशी पतीलाही मागता येते. पुढच्या भागात त्याबद्दल.